मांडीवरचा धागा

माहा जन्म पवनीचा. नदी घरापासून एवढी जवळ का पूर आला म्हंजे चूलभांडे उचलून माळ्यावर न्या लागे, अन बाप विणकर, आजा विणकर, म्हंजे आमच्या घरात लेकरू जन्मलं का मागाची खटखट आयकतच झोपे, खटखट बंद झाली का रडे. मायच्या हाताले काम कोसा काढाचं. कोसा म्हंजे काय माहीत आहे न तुमाले? ऐनाच्या झाडावर अळी राहते, ती आपल्याभोवती लिंबाएवढं टनक घर बांधते, तोच कोसा. धिवर लोक जंगलात त्या अळ्या राखत, पाखरं हाकलत, अन कोसे पोत्यात भरून आमच्या दारी आनत. ते उकडाचे, मंग चार-पाच कोशाइचे तार एकत्र धराचे, डाव्या मांडीवर उजव्या तळव्यानं वळाचे, पीळ बसला का डाव्या हातातल्या फिरकीवर गुंडाळाचे. उघड्या मांडीवर, बरं का. लुगड्यावरून तार घसरते, पीळ बसत नाही, कातडंच लागते.

म्हनून हे काम मागच्या खोलीत, बायाबायाइत, दार लावून. मानूस कोनी मागच्या अंगनात आला तं दुरूनच खाकरे, अन मायचं लुगडं एका झटक्यात घोट्यापर्यंत. माह्या बापानं सारी जिंदगी मायचा धागा विनला, पन तो निंघते कसा हे काही त्यानं पाहिलं नाही. मी नऊ वर्साची असतानी बसली तिच्यापाशी. मांडी सोलून निंघाली, ताप आला, पन सुटका कोन्या पोरीची नोती. मंग कातडं टनक झालं, काळं पडलं, आजही तसंच आहे, तळव्याएवढं. तुमाले दाखवता येत नाही, तुमी पुरुष मानूस, तुमाले सांगूनच भागवा लागन.

लग्न करून आंधळगावले आली. इथंही मागच, कोसाच, काही फरक नाही पडला. एक पोरगी झाली, ती शहापूरले देली. मालक जाऊन सहा वर्स झाले. आता घरात माहा देर रमेश, तो मागावर बसते, अन त्याची बायको वनिता, माही धाकली जाऊ. तिचंच सांगासाठी तुमाले बसवलं मी. मी तिच्यावर जळतो. आता तोंड काहून पाडून राहिले तुमी? तुमीच म्हनले न, बाई खरं खरं सांगा.

वनिता आली तवा तिले कोसा उकडाही येत नोता. वास येते म्हने. ट्रेनिंग झाली, धागा काढाची मशीन भेटली, ती मशीन पुढच्या खोलीत खिडकीपाशी मांडली, अन ही बाई तिच्यावर अशी बसे जशी कलेक्टरीन. मशीनचा धागा वाईट नसते, सरळ असते, पन रमेशलेही माहीत आहे, उभा धागा मशीनचा चालते, आडवा माहाच लागते. त्यानंच कापडाले अंग येते. हे तो कधी तोंडानं बोलला नाही, पन बोबीन भरासाठी हात माह्याच लडीकडे जाये.

दोन वर्स झाले असन, नागपूरची एक पोट्टी आली, गार्गी नाव, गाडी घेऊन. तिचा धंदा असा का परदेशातले, मुंबई-पुन्याचे एक-दोन पाहुने घ्याचे, फक्त त्याइच्यासाठीच गाडी, अन एका दिवसात आपला मुलूख दाखवाचा. सकाळी आमच्या घरी तांदळाचे आयते, म्हंजे पातळ धिरडे, खाऊ घालाचे अन कोसा दाखवाचा, मंग नदीकाठी एका धिवराच्या घरी मासे-भात, मंग भंडाऱ्यात पितळेचे भांडे ठोकतानी पाहाचे, अन उतरत्या उन्हात एका गावात मोहाची दारू वाटीभर चाखाची. म्हनलं, मोहाची चाखासाठी विमानात बसून येते लोकं! पन येते. लय येते.

अन त्याइच्यापुढं कोन? वनिता. कोशाची साडी नेसून. आता पाहा, मी पन्नास वर्स धागा काढला, पन आंगाले कोसा लागला नाही माह्या, आमी विकासाठी विनो, नेसासाठी नाही. तिले मात्र गार्गीनं सांगतलं, ताई, कोसाच नेसत जा, फोटो साजरा येते. मले म्हने, काकू, तुमी आत बसा, कायले तकलीफ घेता. आयते मीच करो, ती नेऊन वाढे. मी दाराच्या फटीतून पाहो. पाहुण्या तिचा हात धरत, तिच्या संग फोटो काढत. सुरूसुरूले ती सांगे, आडवा धागा आमच्या बाई काढते, बाई म्हंजे मी, मोठी जाऊ. मंग सांगे, आमच्या घरी हातानं काढते. अन एक दिवस आयकलं, मी काढतो. मशीनकडे पाठ करून, माही लड हातात धरून म्हने, मी काढतो!

धानाच्या भुशाले आग लागली का ज्योत दिसत नाही, दिवसभर आतल्या आत धुमसते, तशी मी धुमसली. अन नुसती धुमसली नाही, उद्योगही केले. कोसे उकडलेलं पानी भल्ला वास मारते, तं गाडी याच्या टायमाले मी ते बरोबर पुढच्या नालीत ओतत होती. दोनदा ओतलं. तिसऱ्यांदा फटीतून पाहतो तं वनिता पाहुण्याइले नालीपाशी नेऊन सांगून राहिली का हाच कोशाचा खरा वास, अन पाहुने वाकून वाकून हुंगून राहिले! आता गार्गीच मले म्हने, काकू, पानी आमी आल्यावरच ओतत जा. काय करता.

मंग मागच्या हिवाळ्यात ती बाई आली. एकलीच, मेक्सिको देशातली. दोन पांढऱ्या वेण्या, आंगात स्वतःच्या हातानं विनलेलं झबलं, पायात साधी चप्पल. ती स्वतः विणकर. गार्गीनं सांगतलं का त्याइच्याकडे माग कमरेले बांधून विनते, अंगानंच ताण देते. आयते तिनं मिरचीच्या ठेच्यासंग सहा खाल्ले, मी मोजले, कारन मलेच घाला लागून राहिले होते. मंग उठली अन सिधी रमेशच्या मागापाशी गेली. कापड चिमटीत धरलं, डोळे मिटले, अन बोट आडवं फिरवलं. गार्गीनं तिचं बोलनं मराठीत केलं. म्हने, हा धागा मशीनचा नाही, हा अंगावर वळलेला आहे, कोनी काढला?

वनिता म्हने, मी.

बाई म्हने, मले दाखव. मी एवढ्या दूरून हेच पाहाले आली.

वनिता म्हने, आज कोसे उकडले नाही. पन मागच्या चुलीवर माहा कोशाचा गंज उकळत होता, वाफ पार पुढच्या खोलीत जाऊन राहिली होती, अन विणकराच्या नाकाले का सांगा लागते?

वनिता आत आली. तोंड उतरलेलं. म्हने, बाई, चाला न. मी म्हनलं, कायले? म्हने, तुमाले माहीत आहे कायले. मी म्हनलं, मले काही माहीत नाही, तूच काढतं न धागा, तूच दाखव. म्हने, बाई, पाया पडतो तुमच्या. मी तोंड फिरवलं अन गंजात पळी फिरवत बसली. मंग तिनंच पाच कोसे काढून वाटीत घेतले, माही फिरकी उचलली अन गेली. मले वाटलं नोतं ती जाईन म्हनून.

फटीतून पाहतो तं चटईवर बसली. समोर ती बाई, गार्गी, मागावर रमेश, अन दारात गाडीचा ड्रायवर टेकून उभा. अन हिनं कोशाची साडी मांडीपर्यंत वर घेतली. आमच्या घरात असं कधी झालं नोतं हो. मागच्या खोलीतलं काम, अन पुढच्या खोलीत, मानसाइपुढं! रमेशनं मान खाली घातली. हिची मांडी मऊ, लोन्यावानी. तार धरला, वळला, तुटला. पुन्हा धरला, पुन्हा तुटला. मंग जोर लावाले लागली, घासाले लागली, लाल झालं कातडं, मंग रगत. ती पाहुनी हात जोडून काहीतरी म्हनून राहिली होती, बस म्हनत असन, पन ही थांबन तं शपथ.

अन मी तुमाले खोटं नाही सांगत, मले साजरं वाटलं. तीन तार तुटेपर्यंत मले साजरं वाटलं. मनात म्हनलं, आता कळते न, बाप्पा, आता समजलं न पन्नास वर्स म्हंजे काय असते.

मंग त्या ड्रायवरनं मोबाईल वर केला, फोटो काढासाठी.

माह्यात काय आलं मलेच माहीत नाही. दार ढकलून मी पुढच्या खोलीत गेली अन ओरडली, निंघा बाहीर, लाज नाही वाटत? रमेशले म्हनलं, तूही निंघ. रमेशनं माहा आवाज एवढा मोठा आयकलाच नोता कधी, तो मागावरून उडी मारून पळाला. ड्रायवरले फोटो पुसाले लावला. दार लावलं, कडी घातली. वनिताची साडी मी माह्या हातानं खाली ओढली. ती माह्याकडे पाहेना. म्हनलं, सरक. अन मी बसली.

मंग काय, हात आपलाच चालते. त्या बाईनं पाच मिनिट नुसतं पाहिलं. मंग माह्यापाशी खाली बसली अन तिनं स्वतःचा घागरा वर केला. तिच्याही मांडीवर तसाच डाग, फिका झालेला. तिनं सांगतलं का त्याइच्याकडे आपल्या बांधावरच्या घायपातासारखं झाड राहते, कोन्या जातीची दारू होते, अन कोन्या जातीच्या पानाचे तंतू निंघते, ते तंतू तिची आजी मांडीवर वळे, तिलेही शिकवलं होतं. अन तिनं आपला तळवा माह्या त्या डागावर ठेवला. माय मेल्यापासून त्या जागेले कोन्या बाईचा हात लागला नोता. मले रडू आलं, तिले आलं, गार्गी तं पहिलेपासूनच रडत होती.

अन तवा वनिता बोलली. भिंतीले टेकून होती, मांडीवर पदर दाबून. म्हने, गार्गीताई, याइले सांगा, मी खोटं बोलली, हा धागा सुरूपासून माह्या बाईचा आहे, मले येत नाही. बस, एवढंच.

घ्या. जे पाह्यजे होतं ते भेटलं मले. माहं नाव झालं. आता पाहुण्यात बाया असल्या का गार्गी त्याइले मागच्या खोलीत आनते, दार लागते, अन मी बसतो. मानसं बाहीर मागापाशी, चहा पीत. दोन महिने मी हवेत होती, वनिताकडे मुद्दाम पाहो.

पन एका दुपारी खोलीत गेली तं ही एकलीच दार लावून बसलेली, मांडीवर जुन्या खपल्या, नव्या खपल्या, अन चुकीचं वळून राहिली, हात उलटा. त्या दिवसापासून चोरून शिकून राहिली होती. मले म्हने, बाई, शिकवा. मी म्हनलं, काहून शिकवू? एवढंच तं आहे माह्यापाशी. तुले साडी आहे, मशीन आहे, नवरा आहे, पाहुण्यापुढं तोंड आहे. हे असंच बोलली मी, तोंडावर. ती पुन्हा उलटाच हात फिरवाले लागली. अन काय सांगू तुमाले, उलटा हात मले पाहवला नाही. माह्यानं नाही होत, धागा बिघडतानी पाहनं. मी तिचा हात धरला अन सिधा केला. तिथंच फसली मी.

आता माहे गुडघे मुडत नाही, तार शोधाले डोळ्याले दिसत नाही, ते वनिताच शोधून देते. तिची मांडी तयार झाली. हात असा सरसर चालते का माहा कधी चालला नोता, तरुन असतानीही नाही. काल तिनं पहिली अखंड लड मले आनून देली. म्हने, पाहा बाई. मी उजेडात धरली, बोटानं पाहिली. मंग दोन्ही हाताले गुंडाळून जोरानं ओढली, तुटावी म्हनून. चांगला जोर लावला मी.

नाही तुटली.

म्हनलं, जमलं तुले. उद्या गाडी याची आहे, तूच बस, मी दार पाहतो. ती पाया पडाले वाकली, मी डोक्यावर हात ठेवला, म्हनलं, सुखी राह्य, तुह्या हाताले यश येवो. अन त्याच वक्ताले पोटात अशी आग पडली होती का सांगता सोय नाही. आशीर्वाद खरा होता, आगही खरी आहे, आताही आहे. लिहाचं असन तं दोन्ही लिहा तुमी.