सॉक्रेटिसचा पाळणा

नांदगाव खंडेश्वरच्या बसमध्ये माझ्या मागच्या सीटवर दोघं बोलत होते. देवरावभाऊ पावसाळ्यातल्या वर्षावासात गावच्या बुद्धविहारात रोज पुस्तक वाचून दाखवत, आणि मनकर्णाबाई ऐकणाऱ्यांतल्या. अमरावतीच्या वाचनालयातून नवं पुस्तक घेऊन दोघं परत निघाले होते.

“काल तुमी सॉक्रेटिसले विष पाजलं अन् उठून घरी गेले, देवरावभाऊ. आमी बाया तशाच बसून होतो.”

“मी कुठं पाजलं, वयनी? पुस्तकात होतं तसं वाचलं.”

“मित्र त्याले पळून जाय म्हणत होते, तिथंच थांबायचं होतं एक दिवस.”

“थांबून काय झालं असतं?”

“आमाले अजून एक दिवस भेटला असता. त्याचा पाळणा आमीच म्हटला होता.”

“तेच म्हणतो मी. जन्माचं पान वाचलं, तर तुमी खरोखर पाळणा बांधला, हरभऱ्याच्या घुगऱ्या वाटल्या. असं कोणी करते काय?”

“लेकरू जन्मलं तर करतेच.”

“तो अडीच हजार वर्षांपूर्वी जन्मला.”

“आमाले तवाच समजलं. आता हे कोणाचं आणलं?”

“मेक्सिकोची चित्रकार आहे, फ्रिडा. पलंगावर पडून चित्रं काढली तिनं. लय दुखणं आहे, वयनी, आधीच सांगून ठेवतो.”

“दुखणं सावकाश वाचा. जन्म कोणत्या पानावर आहे?”

“बाराव्या.”

“मंग आज दहाच पानं वाचा. हरभरे भिजायले रात्र लागते.”