कुंपणाच्या बांबूंची कमान

नाव: पोनिरा, सुतार्दी यांची विधवा. वय ५७. धंदा: शाळेच्या आवारात कॅन्टीन. राहणार: कारांगजाती, क्लाटेनजवळ, जावा.

मी आज शनिवार, ८ ऑगस्ट रोजी सकाळी दहा वाजता बोलावल्यावरून ठाण्यात हजर राहून सांगते की, मी या आवारात एकतीस वर्षं कॅन्टीन चालवते. आवार एक, शाळा दोन. पश्चिमेला हायस्कूल, ते पाक विरास्तो, म्हणजे विरास्तो सर, चालवतात. पूर्वेला शिवणकाम-स्वयंपाकाची शाळा, ती त्यांची धाकटी बहीण बू तितिसारी, म्हणजे तितिसारीबाई, चालवते. दोन्ही शाळा त्यांच्या वडिलांनी काढल्या. वडील वारले आणि मधलं मैदान कोणाचं यावरून बहीणभाऊ कोर्टात गेले, त्याला तीन वर्षं झाली. लहानपणी दोघं माझ्याच बाकावर बसून तळलेला तोफू खात, हेही लिहून घ्यावं.

निकाल लागेपर्यंत मैदानात मधोमध बांबूचं कुंपण घालावं, असं कोर्टाने सांगितलं. ते जानेवारीत घातलं. दोघांच्या भांडणात तिसऱ्याचा लाभ म्हणतात. इथे तिसरी मी, माझं कॅन्टीन पूर्वेच्या बाजूला राहिलं आणि निम्मं गिऱ्हाईक पलीकडे अडकलं. हायस्कूलची पोरं फटीतून केळ्याची भजी घेत. पेला फटीतून जात नसे, म्हणून त्यांना सात महिने चहा मिळाला नाही.

कुंपणाला हात लावणाऱ्याला पुन्हा आवारात पाय ठेवू देणार नाही, असं बू तितिसारींनी मला बजावलं होतं. मला ते माहीत होतं.

आमच्याकडे सतरा ऑगस्टच्या स्वातंत्र्यदिनासाठी बांबूची कमान उभारून लाल-पांढरी रंगवतात. यंदा दोन्ही शाळांना आपापली कमान हवी होती. काल शुक्रवारी, सफाईच्या दिवशी, साडेसातच्या सुमारास हायस्कूलच्या पोरांनी फटीतून विचारलं, "बू पोन, बांबू कुठे मिळतील गं?"

मी तळत होते. मी म्हटलं, "काखेत कळसा नि गावाला वळसा! समोर उभे आहेत की, मेल्यांनो!"

पाच मिनिटांनी शिवणाच्या मुलींनी तेच विचारलं. त्यांनाही मी तेच सांगितलं. हे मी चुकून बोलले नाही.

डोळ्यावर येऊ नये म्हणून पोरांनी एकाआड एक बांबू उपटले. मुलींनीही तीच अक्कल चालवली. मग उरलेलं कुंपण आपोआप आडवं झालं. नऊपर्यंत मैदान मोकळं होतं. दोन्हीकडच्यांकडे एकेका खांबापुरतेच बांबू जमले. एका खांबाची कमान होत नाही, म्हणून फाटकाशी दोघांची मिळून एकच उभी राहिली. छान झाली आहे.

दुपारी पाक विरास्तो म्हणाले, "हे तितीचंच काम!" बू तितिसारी म्हणाल्या, "दादाशिवाय कोण करणार?" दोघांनीही इथे येऊन तक्रार दिली, पण पुरावा नसल्याने दोन्हींत 'अज्ञात इसम' असंच लिहिलं गेलं. कुंपण परत घालायचं तर कमान मोडावी लागेल, आणि सतरा तारखेआधी तिला कोयता लावायला गावात कोणी तयार नाही.

दोन्ही तक्रारींतला अज्ञात इसम मीच आहे. मुलांची नावं घालू नयेत. कॅन्टीन जाईल याची मला भीती वाटते, काल जेवण गेलं नाही. पण काल मैदानातून चहाची किटली घेऊन सरळ पलीकडे चालत गेले, तेव्हा फार बरं वाटलं.

जबाब साहेबांनी मोठ्याने वाचला. दार उघडं होतं आणि दोघं तक्रारदार बाहेर एकाच बाकावर बसले होते. तोफूचं वाक्य आलं तेव्हा बू तितिसारी बाहेरून म्हणाल्या, "दादा माझ्या वाट्याचाही खायचा, तेही लिहा!"

पाक विरास्तो म्हणाले, "लिहा साहेब, खरं आहे."

ते लिहिलं आहे. त्यानंतर बू तितिसारी म्हणाल्या, "बू पोन, सोमवारी चहा जास्त टाक." याचा गुन्ह्याशी संबंध नाही, असं साहेबांचं म्हणणं पडलं. मी ते लिहायला लावलं. बाकी सगळं मी सांगितल्याप्रमाणे बरोबर आहे, म्हणून अंगठा देते.