गोळीचं आडनाव

आमच्या बुलढाण्याच्या दवाखान्यात एका नव्या गोळीची चाचणी चालू आहे आणि पेशंटला फॉर्म समजावून सांगायचं काम माझ्याकडे आहे. परवा डोणगावचे एक काका आले. फॉर्मवरचं गोळीचं लांबलचक नाव त्यांनी बोट ठेवून वाचलं.

"हे कोण्या भाषेतलं नाव हाय, मॅडम?"

मी म्हटलं, "सुरुवात कशीही असते, काका. शेवटी 'क्सियन' आलं की समजायचं, ही रक्ताची गुठळी होऊ न देणाऱ्या नव्या गोळ्यांपैकी आहे."

"म्हंजे आडनावच की! आडनाव कळलं का घराणं कळलं." काका खूश झाले. "मंग डबीवर नुसता नंबर काऊन?"

"कोणाला नवी गोळी, कोणाला जुनी, ते अभ्यास संपेपर्यंत झाकून ठेवतात. नाव कळलं की माणसाचं मत बदलतं, डॉक्टरचंही."

"हे बाकी खरं हाय," म्हणत काकांनी सही केली. मग माझा बिल्ला वाचला. त्यावर फक्त 'सुजाता' आहे.

"मॅडम, तुमचं आडनाव काय?"

मागच्या महिन्यात एकाने हेच विचारलं होतं. मी सांगितलं, तर त्याने माझ्या हातचं पाणी टेबलावर तसंच ठेवलं.

"झाकलेलं आहे, काका."

काका हसले. "गोळीचं तं अभ्यास संपल्यावर उघडणार म्हंता. तुमचं कवा?"

"तुमचा अभ्यास संपला की," मी म्हटलं आणि पाण्याचा ग्लास त्यांच्यापुढे सरकवला.