ढोल्याची सकाळची गोळी

काकू : सातला मी माझ्या हातानं गोळी दिली, डॉक्टर. आणि आठला ह्यांनीसुद्धा दिली!

काका : डॉक्टर, त्यांना म्हणावं, मला काय स्वप्न पडलं होतं?

डॉक्टर : काका, फोन स्पीकरवर आहे. काकू तुमच्या शेजारीच बसल्यात ना? मग तुम्हीच सांगा की.

काका : आमचा अबोला आहे.

डॉक्टर : कधीपासून?

काकू : नऊ दिवस झाले. माझं शिलाई मशीन ह्यांनी दुरुस्त केलं तेव्हापासून. आता ते पुढं जातच नाही, नुसतं मागं मागं शिवतं.

डॉक्टर : मग दोन गोळ्या दिल्याचं कळलं कसं?

काकू : हे ढोल्याला सांगत होते, "गोळी झाली हं बाळा, आता झोप." कुत्र्याशी बोलतात, बायकोशी नाही!

डॉक्टर : अहो, ती फिट्सची गोळी आहे! सकाळी एक, संध्याकाळी एक. दोन एकदम पोटात गेल्या असतील तर त्याला आत्ताच्या आत्ता दवाखान्यात आणावं लागेल. झोकांड्या जातायत का? लाळ गळतेय?

काका : नाही, शेपूट हलवतोय. पण त्या मिठाचं पाणी कालवतायत.

डॉक्टर : अजिबात नाही! काकू, उलटी काढायची नाही. पेला खाली ठेवा.

काकू : ठेवला बाई.

डॉक्टर : डबीत गोळ्या किती?

काका : काल रात्री अठरा होत्या. आता सोळा.

डॉक्टर : तुम्ही दिली कशी?

काकू : मी उकडलेल्या अंड्यात. गपकन गिळलं त्यानं. बोटं वाचली माझी.

काका : मी जिभेवर ठेवली.

डॉक्टर : मागे, जिभेच्या मुळाशी? तोंड मिटून गळ्यावरून हात फिरवला?

काका : नाही. पण त्यानं गिळल्यासारखं तोंड केलं.

काकू : तोंडं करण्यात पटाईत आहे. घरातच शिकलाय.

डॉक्टर : काका, तो बसतो तिथं जरा शोधा. सतरंजीखाली, कोपऱ्यात.

काका : बघतो... सापडली! माझ्या चपलेत! ओली आहे, पण अख्खी आहे.

डॉक्टर : सुटलो! ती फेकून द्या, त्याच्या तोंडाला लागणार नाही अशी. एकच पोटात गेलीय. तरी आज लक्ष ठेवा, जरा जरी लटपटला तर लगेच आणा. संध्याकाळची ठरल्या वेळेला द्यायची.

काका : डॉक्टर, माझ्या हातून त्याला काही झालं असतं तर...

काकू : त्यांना म्हणावं, डोळे पुसा. आमचंही चुकलंच.

डॉक्टर : पण एकमेकांना नुसतं विचारायला काय झालं होतं?

काका : आधी कोण बोलणार?

डॉक्टर : धन्य आहात! आता नीट ऐका. गोळी दिली की कॅलेंडरवर खूण करायची. आणि देण्याआधी दुसऱ्याला विचारायचं, "गोळी दिली का?"

काकू : किती दिवस?

डॉक्टर : औषध आयुष्यभर आहे, काकू.

काकू : अगं बाई! आयुष्यभर ह्यांच्याशी बोलायचं?

डॉक्टर : दिवसातून दोनदा. त्यापुढं तुमची मर्जी.

(त्याच दिवशी, संध्याकाळी सात वाजता.)

काकू : अहो.

काका : हं.

काकू : गोळी दिली का?

काका : नाही. तू विचारशील म्हणून थांबलो होतो.