चीजच्या करंज्यांचा डबा

स्वारगेटला बसच्या रांगेत पुढच्या दोघींचं बोलणं कानावर आलं आणि बाळ जोगांनी हातातलं वर्तमानपत्र हळूच चेहऱ्यापर्यंत वर घेतलं.

"मंदाकिनीबाई, तुमच्या सलिलचे अमेरिकेतले साहेब आले होते ना काल जेवायला?"

"आले होते. आधी गरम काहीतरी द्यावं म्हणून मैद्याच्या पारीत चीज भरून करंज्या केल्या, बेकरीच्या भट्टीत भाजून आणवल्या. आमच्याकडे कुठला ओव्हन?"

"आवडल्या?"

"साहेबांसमोर डबा उघडला, तर आत नानकटाई. बेकरीत डबे बदललेले."

"अगं बाई. आणि सलिलला तिकडे पाठवायचं की नाही, ते हेच ठरवणार होते ना?"

"तेच ना. पण साहेबांनी टाय सैल करून चौदा खाल्ल्या. म्हणाले, चीज काय, घरी रोजच असतं. सलिल जूनमध्ये निघतोय."

"सुटलात हो. पण तुमच्या करंज्या?"

"गिळल्या असतील कुणीतरी निमूटपणे."

बाळरावांच्या जिवात जीव आला. त्यांनी वर्तमानपत्राची घडी घातली.

"मीठ जरा कमी होतं," ते म्हणाले.