तीनशे हप्ते आणि महजूबा मावशी

हॅलो?... हॅलो, कोण बोलतंय?... अगं बुश्रा, तू! हा नंबर कुणाचा?... अन्वरचा होय. मला वाटलं वीजवाले. बोल, बोल... नाही गं, कसली गडबड. शुक्रवार आहे, कुसकुस वाफेवर चढवलाय, भोपळा चिरतेय. पाऊण तास हाताशी आहे... हो, मुनीर नमाजाला गेलाय, तिकडूनच येईल.

काय?... खरंच? सोमवारी? मुबारक, मुबारक! माझी धाकटी टँजियरमध्ये घराची मालकीण होणार!... किती खोल्या?... समुद्र दिसतो? थोडासा म्हणजे किती?... गच्चीत जाऊन मान वाकडी केली की. हो हो, चालेल की, दिसतो ना.

आणि कर्ज?... पाच लाख दिरहम. आणि हप्ता?... तीन हजार सत्तर. बरं. किती वर्षं?...

किती?... पंचवीस.

आहे गं, आहे. सुरी बाजूला ठेवली... अगं ऐक ना, बुश्रा, नजर नाही लावत. कशाला लावीन? एकच विचारते. तीन हजार सत्तर गुणिले तीनशे किती होतात, तू केलेस?... तीनशे म्हणजे पंचवीस वर्षांचे महिने... नाही केलेस ना. आम्हीही नव्हते केले. मुनीर हप्त्याचा आकडा ऐकून हुरळला होता, मी स्वयंपाकघराच्या फरश्या बघून.

हो, आमचं झालं. सही तीन आठवड्यांपूर्वी, राहायला आलो गेल्या रविवारी... सांगणारच होते गं, सामान हलवण्यात जीव गेला. तिसरा मजला, लिफ्ट नाही... नाही, तो नाही. तो कोपऱ्यावरचा गेला दुसऱ्याकडे. आम्हाला मागच्या बाजूचा मिळाला, बाल्कनीत उभं राहिलं की समोरच्यांचे वाळत घातलेले पायजमे दिसतात... मिळत होता ना! फेब्रुवारीतच मिळत होता. आम्हीच सही केली नाही. तीन महिने थांबलो.

का काय का? तेच तर सांगतेय. तू मधे मधे तोडू नको हं, आणि रागावून फोन आपटायचा नाही. कबूल?... म्हण कबूल... हं.

फेब्रुवारीत बँकेत जायचं होतं, कागद बघायला. मुनीरची बस-ड्यूटी बदलली, तो येईना. इलियास दीड वर्षाचा, त्याला कडेवर घेऊन मी कागद कशी वाचणार? शेजारीण गावाला गेलेली. मग मी महजूबा मावशीला म्हटलं, चल जरा पोराला धरायला...

हो. तीच. बाबांची बायको... बुश्रा. "ती बाई" म्हणू नको. तू कबूल केलंयस, ऐकायचं.

बँकेत सुकैना नावाची मुलगी होती, गोड बोलणारी. तिने हप्ता सांगितला, तीन हजार सहाशे चौऱ्याऐंशी. आमचं कर्ज सहा लाखांचं ना. मी पेन काढलंच होतं. तेवढ्यात मागून मावशी म्हणते, "मुली, हे दर महिन्याचं कळलं. सगळे मिळून किती, ते सांग." सुकैना म्हणाली, ते तक्त्यात असतं. ही म्हणाली, "मग तक्ता दे." दिला बिचारीने. सात पानं. तीनशे ओळी.

आणि बुश्रा, ती वाचायला बसली. अगं, वाचायला म्हणजे वाचायलाच! इलियास खांद्यावर झोपलेला, चष्मा नाकावर, आणि एका हाताने पान उलटतेय. मी लाजेने अर्धी झाले होते. लोक बघत होते. मी म्हटलं, "मावशी, चल ना." तर म्हणते, "पंचवीस वर्षं थांबायला तयार आहेस, तासभर थांब की."

दीड तास!... नाही, हाकललं नाही कुणी. सुकैनाने उलट खुर्ची दिली, पाणी दिलं.

मग तिने आम्हा दोघींना पहिली ओळ दाखवली. तीन हजार सहाशे चौऱ्याऐंशी भरायचे, त्यातले व्याजाचे किती असतील सांग... नाही, निम्मे नाही. दोन हजार सातशे पन्नास!... हो गं, पहिल्याच महिन्यात. घराच्या खात्यात पडतात नऊशे चौतीस. मी म्हटलं, सुरुवातीला असेल, मग कमी होत जाईल. तर तिने साठाव्या ओळीवर बोट ठेवलं. पाच वर्षं झाली, आपण भरले दोन लाख एकवीस हजार. आणि मुद्दल कमी झालं चौसष्ट हजार... चौसष्ट. मी पण असंच ओरडले होते, बँकेत.

एकूण? अकरा लाख पाच हजार. घेतले सहा. वर विमा वेगळाच.

आणि मग ती सुकैनाला काय म्हणाली माहितेय? अगदी शांतपणे हं, आवाज चढवला नाही. "मुली, पैसे घेतोय एका घराचे, फेडतोय पावणेदोन घरांचे. ते वरचं पाऊण घर कुठं बांधलंय, एकदा दाखव तरी. पाहून येऊ."

हसलीस! हसलीस ना? सुकैना पण हसली, टेबलावर डोकं टेकवून. म्हणाली, "बाईसाहेब, आजवर मला हे कुणी विचारलं नाही." आणि आपण होऊन वीस वर्षांचा, पंधरा वर्षांचा, सगळे तक्ते छापून दिले. मधेच जादा पैसे भरले तर दंड किती, तेही लिहून दिलं. मागितलं की देतात गं. मागत नाही कुणी.

पंधरा वर्षांना हप्ता येतो चार हजार नऊशे दोन. एकूण आठ लाख ब्याऐंशी हजार. म्हणजे दोन लाख तेवीस हजार वाचतात. घर तेच, भिंती त्याच... अगं तिला हे कुठून येतं म्हणजे? ती हमामच्या गल्ल्यावर एकोणीस वर्षं होती ना. आपल्याला वाटायचं, नाणी घेते आणि अंघोळीला बादल्या देते. सगळा हिशेब तिच्या हातात होता. मालकिणीने बॉयलरसाठी कर्ज काढलं होतं, ते हप्ते हीच भरून यायची. म्हणते, "बॉयलर गंजून भंगारात गेला, कर्ज मात्र ठणठणीत." तिथे शिकली ती. आपण बावीस वर्षांत एकदा तरी विचारलं का तिला, तुला काय काय येतं म्हणून?

मला माहितेय तू चौदा वर्षांची होतीस. मी सोळाची होते, बुश्रा. माझीपण आई गेली होती.

... हं. बरं. पुढे ऐक.

मुनीर? मुनीर भडकला. "हमामवाली मला बँक शिकवणार?" जेवला नाही धड. पण दुसऱ्या दिवशी बस डेपोत उभी असताना ड्यूटीच्या कागदामागे स्वतः गुणाकार केला. तीनदा केला म्हणे, दरवेळी तेच. संध्याकाळी आला आणि मला म्हणाला, "तुझ्या मावशीला विचार, पंधराचं जमवायचं कसं." मावशी म्हणाला हं, पहिल्यांदा.

अडत होतं ना, अडत होतं. पंधराचा हप्ता पंचवीसच्यापेक्षा बाराशे अठराने जास्त. तिने तो आकडा तक्त्याच्या कोपऱ्यात लिहून त्याखाली रेघ मारली होती. दोन दिवस तो कागद फ्रिजवर होता. आणि मग मला एकदम आठवलं, बाबा गेल्यापासून ती हमाममागच्या त्या एका खोलीत राहते, त्याचं भाडं किती? बाराशे.

... हो. तिने मागितलं नाही. तिने कधीच मागितलं नसतं. मीच गेले. म्हटलं, मावशी, आमच्याकडे राहायला ये, तेच पैसे घरात दे. नाही म्हणाली. परत गेले. परत नाही. तिसऱ्यांदा इलियासला घेऊन गेले. तेव्हा म्हणाली, "मी एकसष्टची. पंधरा वर्षं जगेन असं बँकेला कोण लिहून देणार? माझ्या जिवावर हप्ता बांधू नका. मी मेले तर रडायचं सोडून बाराशे शोधत बसाल."

मग? मग तिनेच तोड काढली. म्हणाली, "आधी तीन महिने माझ्याशिवाय करून बघा. दर एक तारखेला चार हजार नऊशेतून तुमचं आत्ताचं भाडं वजा करा आणि उरतील ते बाजूला टाका, जणू हप्ताच चालू आहे. तीन महिने निभलं तर सही. नाही निभलं तर घर आपलं नाही, समजायचं."

हो, म्हणून गेला तो कोपऱ्यावरचा. बिल्डर रोज फोन करायचा, आज सही नाही केली तर गेलाच म्हणून. मी रडले पण, खोटं कशाला सांगू. मार्च बरा गेला. एप्रिलमध्ये इलियासला न्यूमोनिया, पाच दिवस दवाखाना... नाही सांगितलं तुला, तू कामावर होतीस, घाबरली असतीस. त्या महिन्यात मुनीरने मोपेड विकली. मांस फक्त शुक्रवारी. मावशी रोज दुपारी दवाखान्यात यायची, घरून सार घेऊन, आणि एकदाही म्हणाली नाही की हे घ्या माझ्याकडचे. मला राग आला होता तिचा तेव्हा. नंतर कळलं, तिने दिले असते तर आम्हाला कधीच कळलं नसतं की आमचं आम्हाला झेपतं. मे संपला आणि पैसे पूर्ण होते. मुनीरने पासबुक नेऊन तिच्यासमोर ठेवलं, शाळेतला मुलगा प्रगतिपुस्तक दाखवतो तसं.

सही झाली, पंधरावर. आणि मग ती आली. तिचे बाराशे हप्त्यात घालतच नाही, वेगळ्या खात्यात टाकतो. वर्षाकाठी त्यातून मुद्दल भरायचं, नाहीतर अडीनडीला... हो, इथेच राहते. या घरात. छोटी खोली तिची.

बुश्रा?... हॅलो? आहेस ना?

नाही. आईच्या जागी नाही बसवलं तिला. आईचा फोटो दिवाणखान्यात आहे, तिनेच खिळा ठोकला... तुला येऊन बघायचं तर ये. मी तुला तिच्या गळ्यात पड म्हणत नाही. मी एवढंच म्हणते, माझ्या लग्नाला, बाळंतपणाला, बाबांच्या जाण्याला जितकी माणसं आली, त्यातल्या एकाने माझ्यासाठी दीड तास तीनशे ओळी वाचल्या नाहीत. तिने वाचल्या.

काय करतेयस? आवाज कसला?... कॅल्क्युलेटर. हं, कर. तीन हजार सत्तर, गुणिले तीनशे...

नऊ लाख एकवीस हजार.

हो. पाचाचे... माहितेय गं. माहितेय कसं वाटतं... नको, अन्वरवर ओरडू नको. मुनीरची पण काही चूक नव्हती. सगळे हप्ताच विचारतात... सोफ्याचे आगाऊ पैसे दिलेत? दिले तर दिले, सोफा राहील... नाही, मला नाही सांगता येणार तुझं पंधराला किती होतील. सांगितलं ना, मला तेवढं येत नाही. तिला येतं.

... खरं म्हणतेस?... नाही, आत आहे, धणे निवडतेय. बघ हं, मी हाक मारली की मग ठेवायचा नाही फोन. ती बुजेल, तर तूच आधी बोल... काय म्हणायचं ते म्हण. "मावशी" म्हटलंस तरी पुरे. नाहीतर सरळ हप्त्याचं विचार.

मावशी! अगं मावशी, इकडे ये जरा. राहू देत ते धणे... फोन आहे. तुझा... तुझाच. टँजियरहून... हो, तीच. बस इथे आधी. हा घे. कानाला लाव. उलटा धरलायस.

हॅलो?...

हो. मीच, महजूबा...

बरी आहे. गुडघे सोडले तर बरी आहे. तू?... कामावर उभं राहावं लागतं का फार?... हं...

नाही, नाही, बुश्रा. ते राहू दे. तू लहान होतीस, आणि मला पण कळत नव्हतं कसं वागावं. भरलं ताट पुढ्यात ठेवायचं एवढंच येत होतं मला... रडू नको बाई. ही सलवा बघतेय माझ्याकडे, ती पण रडायला लागेल, आणि भोपळा चिरायचा राहील.

ते सहीचं सांग. तक्ता दिलाय का त्यांनी तुला?... मग सोमवारी जाशील तेव्हा माग. लाजायचं नाही. आणि घाई करतील तर... काय?...

एकटीला नाही जमणार म्हणतेस?...

मी?...

येईन की. त्याला काय. सकाळच्या गाडीने निघाले तर बँक उघडायच्या आत पोचते... त्रास कसला, बसून तर यायचं. माझा चष्मा आणते, पेन्सिल आणते, मला दुसरं काय लागतं... जेवायला? बघू. तू जे करशील ते...

पण मुली, स्टेशनवर घ्यायला येशील ना?... नाही, तसं नाही. मला तुझं घर माहीत नाही, म्हणून विचारते...

बरं. मग डब्यापाशीच थांब. येते मी.