या वेळी मरायचं नाही

(दुबई सिलिकॉन ओएसिसमधला फ्लॅट. खाली शूटिंगची गाडी आली आहे.)

साजिदा: थांबू दे गाडी. आधी सांग भाई, बाथरूममध्ये नळ सोडून का खोकत होतास?

अबरार: रिहर्सल गं. म्हातारा खलाशी आहे मी यात, खोकणारच.

साजिदा: तुझा सिनेमातला खोकला मला पाठ आहे. छातीवर हात ठेवतोस, डोळे वर करतोस. खरा आला की तोंड दाबतोस. अम्मासमोरही असाच दाबायचास.

अबरार: यल्ला, चल, बॅग दे. शूटिंग रुवैसला आहे, ते काय जवळ आहे?

साजिदा: बॅग मिळणार नाही, खलास. पॅरिसला डॉक्टरकडे गेला होतास ना, तो काय म्हणाला?

अबरार: ...फुप्फुसात गाठ आहे. ऑपरेशन लगेच करा म्हणाला.

साजिदा: आणि तू सरळ विमानात बसलास! डायरेक्टरला माहीत आहे?

अबरार: वेडी का तू? पिक्चरचे इन्शुरन्सवाले त्याच दिवशी काढतील मला. दुसरा म्हातारा उभा करतील.

साजिदा: करू दे की!

अबरार: साजिदा, जहाजावरून मार्सेयला उतरलो, हॉटेलात भांडी घासली, तिथून फ्रेंच सिनेमात शिरलो. सगळी उमर त्यात गेली. कधी तस्कर, कधी टॅक्सीवाला. टीव्हीवर तर खून झालेला दुकानदार म्हटलं की मीच. लोक रस्त्यात चेहरा ओळखतात, नाव कुणालाच आठवत नाही. हा पहिला रोल, ज्यात मी शेवटपर्यंत जिवंत आहे.

इनाया (साजिदाची मुलगी, आतून येत): मामू, सो यू डोन्ट डाय? फायनली!

साजिदा: इनाया, तू आत जा बेटा, अभ्यास कर. ...भाई, 'अम्मा, या पिक्चरमध्ये मला मारताहेत' असा तुझा फोन आला, की अम्मा कोंबडी कापून गरिबांना वाटायची. खोटं मरण खरं होऊ नये म्हणून सदका. तू हसायचास तिला.

अबरार: माझ्यामुळे रत्नागिरीत कोंबडी उरणार नाही म्हणायचो.

साजिदा: अम्मा गेल्यापासून मी देते. या वेळी तू म्हणालास, मरत नाही. म्हणून नाही दिला. आणि इथे हे असं! मला फार भीती वाटतेय रे.

अबरार: परवा शेवटचा सीन. समुद्राच्या कडेने चालत जायचंय, बस्. मग ऑपरेशन, इन्शाल्ला.

साजिदा: ते इन्शाल्ला नको. ऑफिसात माझ्या प्रमोशनचं विचारलं तरी हेच ऐकवतात. नीट कबूल कर.

अबरार: परवा संध्याकाळी तूच ये मला न्यायला. तिथून थेट हॉस्पिटल. कबूल.

साजिदा: ही घे बॅग. आणि नळ सोडून खोकू नकोस आता. जवळच्या कुणाला तरी ऐकू येऊ दे.

अबरार: साजिदा...

साजिदा: काय?

अबरार: तो सदका... उद्या देशील?

साजिदा: या पिक्चरमध्ये तर तू मरत नाहीस.

अबरार: दे तरी. जरा मोठी बघून घे.